खर्च सांगता, मग पदरात काय पडले तेही सांगा



बैलजोडी घ्यायची की विहिरीवर मोटर बसवायची, हे ठरवताना कोरडवाहू शेतकरी कुणा अर्थशास्त्रज्ञाकडे जात नाही. किंमत किती, वैरण किती लागेल, किती वर्षे कामाला येईल, तेवढ्याच पैशात दुसरे काय झाले असते, हे सारे तो बांधावर बसून मांडतो. व्याज त्यात आधी धरतो. चुकला तर भोगतोही तोच. सरकार मात्र आपल्या नावाने दरसाल हजारो कोटी खर्च करते आणि हा साधा हिशेब आपल्यापुढे ठेवत नाही. अर्थसंकल्पात आकडा येतो तरतुदीचा, वर्षअखेर आकडा येतो खर्चाचा. पदरात काय पडले, तो रकाना कोराच.

या हिशेबाला शास्त्रात लाभ-खर्च विश्लेषण म्हणतात. नाव भारी, गोष्ट जुनी. अमेरिकेने १९३६ साली पूरनियंत्रणाचा कायदा केला तेव्हा अट घातली, की कामाचे लाभ, मग ते कुणालाही मिळोत, खर्चापेक्षा जास्त असले पाहिजेत. आपल्याकडे धनंजयराव गाडगीळांनी पुण्याच्या गोखले संस्थेतर्फे गोदावरी आणि प्रवरा कालव्यांमुळे काय लाभ झाला याची पाहणी केली. तिचा अहवाल १९४८ साली निघाला. पाणीपट्टी किती जमा झाली एवढ्यावर न थांबता कालव्याचे प्रत्यक्ष आणि अप्रत्यक्ष असे दोन्ही लाभ त्यांनी मोजले. पुढे नियोजन आयोगाने कसोटीच ठरवली: सिंचन प्रकल्पात रुपयाला दीड रुपया लाभ दिसला पाहिजे, अवर्षणप्रवण भागात रुपयाला रुपया चालेल.

म्हणजे कसोटी आहे. मग घोडे कुठे पेंड खाते? आमच्या मते तीन जागी.

पहिली जागा लाभाच्या रकान्यात. प्रकल्प अहवालात दोन रकाने असतात, आधीचा आणि नंतरचा. आधीच्या रकान्यात असतो आपण: कोरडवाहू ज्वारी, कोरडवाहू कपाशी, उतारा होईल तेवढा कमी धरलेला. नंतरच्या रकान्यात शेवटच्या चारीपर्यंत पाणी आणि रान हिरवेगार. वजाबाकी केली की झाला लाभ. पण धरण झाले नसते तर आपली शेती जागच्या जागी थांबली असती काय? १९६४ साली सीएसएच-१ ही संकरित ज्वारी आली, १९७० साली एच-४ हा संकरित कापूस आला. कालव्याचे तोंड न पाहिलेल्या रानातही उतारा वाढला, तो बियाण्याने, खताने आणि शेतकऱ्याच्या कष्टाने. ती वाढ धरणाच्या खाती जमा करता येणार नाही. तुलना हवी ती प्रकल्प झाला तर काय आणि न झाला तर काय, अशी.

त्याच रकान्यात भावाचाही डाव असतो. मार्च २०१२ मध्ये केंद्र सरकारने कापसाची निर्यात एकाएकी बंद केली. अशा बंदीने पाडलेला भाव हिशेबात धरला, तर कोरडवाहू कपाशीवर घातलेला प्रत्येक रुपया कागदावर वाया गेलेलाच दिसणार. भाव पाडणारेही तेच आणि ही शेती तोट्याची म्हणून बोट दाखवणारेही तेच. म्हणून लाभ मोजताना माल खुल्या बाजारात, देशाबाहेरसुद्धा, ज्या भावाने गेला असता तोच भाव धरला पाहिजे.

दुसरी जागा वेळेची. गोसीखुर्द घ्या. १९८३ साली मंजुरी मिळाली तेव्हा अंदाज होता ३७२ कोटी रुपयांचा. १९८८ साली पंतप्रधान राजीव गांधींच्या हस्ते भूमिपूजन झाले. अडीच लाख हेक्टर भिजणार असे सांगितले गेले. २०१२-१३ च्या दरांनी तोच अंदाज १८,४९४ कोटींवर गेला, म्हणजे जवळजवळ पन्नासपट. महागाई धरली तरी पन्नासपट कशाने? आणि मंजुरीला चाळीस वर्षे झाली तेव्हा, २०२३ सालीही, कालव्यांचे काम पुरे झालेले नव्हते.

व्याज काय असते हे आपल्याला कुणी शिकवायला नको. दहा टक्के दराने, वीस वर्षांनी हाती येणाऱ्या शंभर रुपयांची आजची किंमत पंधरा रुपये. तीस वर्षांनी येणाऱ्या शंभराची सहा रुपयेसुद्धा नाही. कागदावर रुपयाला दीड रुपया दाखवणाऱ्या प्रकल्पाचा लाभ दहा वर्षे लांबला, तर खर्च एका पैशाने वाढला नाही तरी रुपयाला अठ्ठावन्न पैसेच उरतात. विलंब हाच सर्वांत मोठा खर्च आहे आणि तो कुठल्याही बिलात लिहिलेला नसतो.

तिसरी जागा काम झाल्यानंतरची. २०१२ साली राज्याच्या आर्थिक पाहणीवरून गदारोळ उठला. दहा वर्षांत सुमारे ७० हजार कोटी खर्च झाले आणि सिंचन वाढले ०.१ टक्का, असा आरोप झाला. सरकारने नोव्हेंबर २०१२ मध्ये श्वेतपत्रिका काढून वाढ ५.१७ टक्के असल्याचे सांगितले. खरा आकडा कोणता, हा वाद पुढाऱ्यांना घालू द्या. सत्तर हजार कोटी खर्चूनही किती रान भिजले हे ठामपणे सांगता येत नसेल, तर तो कारभार कसला? पुढे सरकार बदलले. डिसेंबर २०१४ मध्ये जलयुक्त शिवार आले. २०२० साली महालेखापरीक्षकांच्या अहवालाने सांगितले, की ९,६३३ कोटी खर्चूनही पाण्याची गरज भागवण्यात आणि भूजल वाढवण्यात त्या योजनेचा फारसा परिणाम दिसत नाही. झेंडा कोणताही असो, काम झाल्यावर मोजायला कुणी येत नाही.

काही कार्यकर्ते म्हणतात, हा हिशेब उलटा आपल्याच अंगावर येईल; कोरडवाहूत लाभ कमी म्हणून आहे तो पैसाही काढून घेतील. तर मग मांडूनच पाहू. समजा, एका कालव्याला हेक्टरी ५ लाख लागतात आणि पंधराव्या वर्षापासून हेक्टरी ४० हजार लाभ कायम मिळतो. दुसरीकडे शेततळे आणि बांधबंदिस्तीला हेक्टरी ६० हजार लागतात आणि दुसऱ्या वर्षापासून पंधरा वर्षे फक्त ९ हजार मिळतात. व्याज दहा टक्के. कालव्यात रुपयाला एकवीस पैसे सुटतात, शेततळ्यात रुपयाला एक रुपया चार पैसे. आकडे मानलेले आहेत, आपल्या गावचे घालून पाहा. कपाशीची बोंडे भरताना किंवा ज्वारी पोटरीत असताना मिळालेले एक पाणी काय करते, हे आपल्याला ठाऊक आहे. हिशेब खरा मांडला तर घाबरायचे कारण आपल्याला नाही.

मात्र सगळेच रुपयात मावत नाही. पिण्याचे पाणी, बायांच्या डोक्यावरचा हंडा, बुडितात गेलेले गाव, यांना भाव लावणारे आम्ही कोण? त्या गोष्टी वेगळ्या लिहाव्यात, पण लिहाव्यात जरूर. आणि लाभ कुणालाही मिळो, एवढ्यावर भागत नाही. सोसले कुणी आणि मिळाले कुणाला, हे दोन रकाने शेजारी शेजारी हवेत.

म्हणून आमच्या मागण्या तीन. एक, कोणत्याही मोठ्या कामाचा लाभ-खर्चाचा तक्ता, त्यात धरलेला उतारा आणि भाव यांसह, मराठीत ग्रामसभेपुढे ठेवा. दोन, दर पाच वर्षांनी त्रयस्थ माणसांकडून तो पुन्हा मांडा. तीन, रेंगाळलेल्या कामाला वाढीव पैसा देण्याआधी नवा हिशेब दाखवा. तो बसत नसेल तर पैसा तालुक्यातल्या लहान कामांना वळवा.

वाट पाहत बसायचे कारण नाही. २००५ सालचा माहितीचा अधिकार हाताशी आहे. प्रत्येक तालुक्याने आपल्या भागातले एक काम निवडावे, प्रकल्प अहवालाची नक्कल अर्ज करून मागावी आणि पुढच्या जिल्हा बैठकीला घेऊन यावे. आकडेमोड एकत्र बसून करू. घरच्या संसाराचा हिशेब ज्यांना जमतो, त्यांना सरकारचाही जमेल.