शाहीर आमचा, कॅमेरा कुणाचा?

'कोर्ट' हा चित्रपट २०१४ साली आला. दिग्दर्शक चैतन्य ताम्हाणे यांनी त्याआधी 'ग्रे एलिफंट्स इन डेन्मार्क' हे नाटक केलं होतं. पहिल्याच चित्रपटाला व्हेनिसचा पुरस्कार मिळाला, पाठोपाठ राष्ट्रीय सुवर्णकमळही. सगळीकडे कौतुक झालं ते प्रतिभेचं. प्रतिभा होतीच, ती आम्ही नाकारत नाही. पण नाटकवाला सिनेमावाला कसा होतो, याचा हिशेब कुणी मांडला नाही. तो आम्ही मांडतो.

पटकथा लिहायला वेळ लागतो आणि त्या वेळात पोट भरावं लागतं. नाटकातले सहकारी विवेक गोम्बर यांनी ताम्हाणेंना लिहिण्यासाठी दरमहा पैसे दिले. पुढे निर्मातेही तेच झाले. परदेशी निधीही मिळाला. थोडक्यात, प्रतिभेच्या मागे घरभाडं भरणारा कुणीतरी उभा होता.

आता आपल्याकडे बघा. प्रेमानंद गज्वींचं 'किरवंत', दत्ता भगतांचं 'वाटा-पळवाटा', राजकुमार तांगडेंचं 'शिवाजी अंडरग्राउंड इन भीमनगर मोहल्ला'. प्रतिभेचा दुष्काळ आहे कुठे?

'कोर्ट'चा प्राण कोण? नागपूरचे, 'विद्रोही'चे संपादक वीरा साथीदार. त्यांनी शाहीर नारायण कांबळे उभा केला. गाणी संभाजी भगतांची. विषय गटारात मेलेला सफाई कामगार. चेहरा आमचा, आवाज आमचा, मरणही आमचंच! पण कॅमेरा वकिलाच्या घरी जातो, सरकारी वकीलबाईंच्या स्वयंपाकघरात जातो, न्यायाधीशासोबत सहलीलाही जातो. कांबळे मात्र बहुतेक वेळा मंचावर, कोठडीत नाहीतर कोर्टातच दिसतो. चित्रपट प्रामाणिक आहे, व्यवस्थेचा थंडपणा तो अचूक पकडतो. तरीही कुणाच्या घरात शिरायचं, हे कॅमेरा ज्याच्या हातात असतो तोच ठरवतो.

काही मित्र म्हणतात, आता मोबाईलवर सिनेमा होतो, पैसा कशाला? मित्रांनो, मोबाईलवर चित्रीकरण होईल. पण वर्षभर लिहीत बसणाऱ्याची चूल कोण पेटवणार? आपला नाटककार दिवसा नोकरी करतो, रात्री तालीम घेतो आणि पटकथा पहिल्या वीस पानांवर अडकते. याला आळस म्हणणाऱ्यांनी त्याचा महिन्याचा खर्च एकदा विचारावा.

१९२० साली 'मूकनायक' निघाला तेव्हा शाहू महाराजांनी अडीच हजार रुपये दिले होते. बाबासाहेबांची लेखणी तेजस्वी होतीच, तरी कागद आणि छपाईला पैसे लागलेच. आज महाराज येणार नाहीत. पण जयंतीची वर्गणी वस्तीवस्तीत जमते आणि डीजेच्या भिंतीपुढे एका रात्रीत संपते. त्यातला एक वाटा बाजूला काढा. तालुक्यातल्या चार-पाच मंडळांनी मिळून एका नाटककाराचं वर्ष सांभाळा. हिशेब चोख ठेवा, तो लोकांपुढे मांडा. काय लिहायचं ते मात्र त्याच्यावर सोडा.

शाहीर आमचा आहेच. येत्या १४ एप्रिलला कॅमेऱ्याची वर्गणी काढा.

जय भीम!