गजालीला तोंड असते

आमच्याकडे तिंट्यावर गजाली चालतात. अमक्याचा मुलगा तमकीबरोबर दिसला, ही बातमी दुपारच्या जेवणाआधी वाडाभर होते. त्याचा त्रास होतोच. पण गजाल कुणी सुरू केली ते सहसा कळते आणि त्या मुलीची आई थेट त्याच्या दारात जाऊन जाब विचारते. गजालीला तोंड असते.

'गॉसिप गर्ल' ही अमेरिकन मालिका (२००७ ते २०१२, १२१ भाग) पाहताना हे सारखे आठवत होते. न्यूयॉर्कच्या अप्पर ईस्ट साइडमधली गर्भश्रीमंत मुले. सेरेना आणि ब्लेअर जिवलग मैत्रिणी. पण सेरेना ब्लेअरच्याच प्रियकराशी, नेटशी, संबंध ठेवून गाव सोडून गेलेली. ती परत येते तिथे कथा सुरू होते. या सगळ्यांची लफडी एक निनावी वेबसाइट चव्हाट्यावर मांडते. ती कोण चालवते ते कुणालाच ठाऊक नाही.

शेवटच्या भागात उलगडा होतो. ब्रुकलिनचा, बेताच्या पैशाच्या घरातला डॅन! श्रीमंतांच्या वर्तुळात शिरायचे म्हणून त्याने हा उद्योग आरंभला होता. आपल्या धाकट्या बहिणीच्या, जेनीच्या, भानगडीही त्याने सोडल्या नाहीत. एकटा असतानाही डॅन त्या बातम्या वाचून दचकलेला दिसतो, मग तो कसा असेल, अशी तक्रार अनेक प्रेक्षकांनी केली. ती रास्तच आहे. माझी तक्रार मात्र वेगळी आहे. नाव कळल्यावरही त्याला कुणी धड जाब विचारत नाही! घटकाभर चिडचिड होते. सेरेनाला तर त्या सगळ्या लिखाणात प्रेमपत्र दिसते. पाच वर्षांनंतरच्या प्रसंगात दोघांचे लग्न लागते.

असे का? मला वाटते, जाब विचारायला कुणाचे हात स्वच्छ नव्हते. वेबसाइटला बातम्या पुरवत कोण होते? हीच मुले. ब्लेअरने सेरेनाविरुद्ध तिचा वापर केला, इतरांनीही आपापले हिशेब चुकते केले. डॅनला दोषी ठरवायचे तर स्वतःचेही नाव घ्यावे लागले असते. म्हणून सगळ्यांनी मिळून माफी देऊन टाकली. लेखकांना हे दिसले असते तर तोच प्रसंग मालिकेतला सर्वांत खरा ठरला असता. त्यांनी त्यावर लग्नाचा मांडव घातला.

आता निनावी बातमी आपल्याही खिशातल्या फोनवर येते. 'फॉरवर्डेड' एवढेच लिहिलेले असते, आणि आपण ती पुढे ढकलतो. तिंट्यावरची गजाल करणारा निदान उद्या पुन्हा त्याच तिंट्यावर भेटायचा. फोनवरच्या बातमीसाठी ती आई कुणाच्या दारात जाणार? खरे तर तिला आपल्या प्रत्येकाच्या दारात यावे लागेल.