फुकटचा खेळ आणि कौशल्याची किंमत

करोनाच्या साथीमुळे वर्षभर लांबलेल्या टोकियो ऑलिम्पिकचे उद्घाटन २३ जुलै २०२१ रोजी प्रेक्षकांविना, जवळजवळ रिकाम्या स्टेडियममध्ये झाले. त्याच सुमारास जगभरच्या संगणकांवर आणि मोबाइलवर दुसरीच एक क्रीडास्पर्धा सुरू झाली. गुगलच्या मुखपृष्ठावरील चित्रावर टिचकी मारली की ‘लकी’ नावाचे ठिपकेदार निन्जा मांजर एका बेटावर उतरत असे आणि सात क्रीडाप्रकारांतील सात विजेत्यांना आव्हान देत असे. ‘डूडल चॅम्पियन आयलंड गेम्स’ हे या खेळाचे नाव. टोकियोच्या ‘स्टुडिओ फोर डिग्रीज सी’ या अ‍ॅनिमेशन संस्थेच्या सहकार्याने तो तयार झाला होता. त्यासाठी काही डाउनलोड करावे लागत नव्हते, नावनोंदणी नव्हती, एक पैसाही मोजावा लागत नव्हता. स्पर्धा संपल्यावरही डूडलच्या संग्रहात हा खेळ उपलब्ध राहिला.

वरवर पाहता हा कार्यालयातील जेवणाच्या सुट्टीत वेळ घालविण्याचा प्रकार. तथापि अशा खेळांत जिंकावे कसे, या साध्या प्रश्नाचा पाठपुरावा केला तर तो एका मोठ्या प्रश्नापाशी येऊन पोहोचतो. खेळातील कौशल्य म्हणजे नेमके काय, आणि त्या कौशल्याचा लाभ अखेर कोणाच्या पदरात पडतो, हा तो प्रश्न होय. ऑनलाइन खेळांविषयी भारतात २०२५ मध्ये झालेल्या कायद्याने या प्रश्नाला घरोघरीचे महत्त्व आले आहे.

हातघाई नव्हे, ताल

ब्राउझरमधील क्रीडाखेळांचा अलीकडचा इतिहास पाहिल्यास एक गोष्ट प्रकर्षाने जाणवते. जिंकण्याची रीत हळूहळू बोटांच्या वेगाकडून नजरेच्या आणि कानाच्या शिस्तीकडे सरकत गेली आहे. २०१२ च्या लंडन ऑलिम्पिकच्या वेळी गुगलने अडथळ्यांची शर्यत, बास्केटबॉल, होडी वल्हविणे आणि फुटबॉल असे चार छोटे खेळ दिले होते. त्यांपैकी अडथळ्यांच्या शर्यतीत डावी आणि उजवी कळ आळीपाळीने दाबत पळायचे आणि लांब कळ दाबून उडी मारायची, एवढेच काम होते. अर्थातच जो कळफलक अधिक वेगाने बडवील तो पुढे. मग काही संगणकप्रवीण मंडळींनी कळा आपोआप दाबणारे छोटे प्रोग्रॅम लिहिले आणि माणसाला अशक्य असणाऱ्या वेळा नोंदविल्या. ज्या खेळात केवळ वेगच मोजला जातो तेथे यंत्र माणसाला सहज हरविते, हा त्यातला धडा होता. बास्केटबॉलचे गणित मात्र वेगळे होते. कळ किती वेळ दाबून धरावी यावर फेकीचा जोर ठरत होता आणि खेळाडू जसजसा मागे सरके तसतसा तो अंदाज बदलावा लागत होता. तेथे बोटापेक्षा अदमास महत्त्वाचा.

चॅम्पियन्स करंडक स्पर्धेच्या निमित्ताने जून २०१७ मध्ये आलेला क्रिकेटचा खेळ हे याच वाटेवरचे पुढचे पाऊल. फलंदाजीला नाकतोड्याच्या जातीचा कीटक आणि क्षेत्ररक्षणाला गोगलगायी. क्रिकेट जेथे लोकप्रिय आहे अशा अनेक प्रदेशांत इंटरनेट मंद असते, हे ध्यानात घेऊन तो आकाराने मुद्दाम अगदी लहान ठेवला होता. नियंत्रण एकाच कळीचे. पण चेंडूचा वेग बदलत राही आणि घाईने बॅट फिरविणाऱ्याच्या यष्ट्या उडत. एप्रिल २०२० मध्ये घरोघरी टाळेबंदी असताना गुगलने आपले जुने लोकप्रिय खेळ पुन्हा मुखपृष्ठावर आणले, तेव्हा हा खेळही त्यांत होता. त्यात टिकून राहण्याची रीत गल्लीतल्या क्रिकेटमध्ये वाढलेल्या कोणालाही सांगता येईल. गोलंदाजाच्या हाताकडे न पाहता चेंडू टप्प्यावर येईपर्यंत थांबावे, आणि आधीच्या चेंडूच्या वेगावर पुढचा फटका ठरवू नये.

सात खेळ, सात युक्त्या

चॅम्पियन आयलंडमध्ये हीच शिस्त सात निरनिराळ्या रूपांत येते. येथील प्रतिस्पर्धी जपानी लोककथांतून घेतले आहेत. टेबल टेनिसमध्ये तेंगू हा पर्वतवासी आत्मा, स्केटबोर्डवर रूप पालटणारा तानुकी, रग्बीत शिंगे असलेले ओनी राक्षस, मॅरेथॉनमध्ये ओकिनावाच्या वृक्षात राहणारा किजिमुना, तर कड्यावर फुकुरो म्हणजे घुबड. तिरंदाजीत समोर उभा ठाकतो तो योइची. नासु नो योइची या योद्ध्याने ११८५ च्या याशिमाच्या लढाईत शत्रूच्या नौकेवर उभारलेला पंखा एका बाणाने उडविला, अशी जपानमध्ये प्रसिद्ध कथा आहे. जलनृत्यातील ओतोहिमे ही समुद्रतळाच्या राजवाड्यातील राजकन्या.

या खेळांत जिंकण्याच्या युक्त्या पाहिल्या तर त्यांची तीन गटांत विभागणी करता येते. पहिला गट तालाचा. जलनृत्यात संगीताबरोबर योग्य क्षणी योग्य दिशेची कळ दाबावी लागते. नवखा खेळाडू पडद्यावरच्या खुणा पाहून कळ दाबतो आणि मागे पडतो. डोळ्याला दिसलेल्या खुणेपेक्षा कानावर आलेल्या आवाजाला माणसाची प्रतिक्रिया किंचित लवकर होते. त्याहून महत्त्वाचे म्हणजे ताल एकदा अंगात भिनला की प्रतिक्रिया द्यावीच लागत नाही, पुढचा ठोका आधीच ठाऊक असतो. लेझीम खेळणारा मुलगा हलगीचा ठोका ऐकून मग पाऊल टाकीत नाही, ठोक्यासोबतच टाकतो. येथेही तेच करावे लागते. म्हणून पहिल्या दोनतीन खेपा गुणांची आशा सोडून केवळ गाणे ऐकण्यासाठी खर्ची घालणे फायद्याचे ठरते. टेबल टेनिसमध्येही चेंडूमागे धावण्यापेक्षा प्रत्येक फटक्यानंतर मधल्या जागी परतण्याची सवय अधिक उपयोगी पडते.

दुसरा गट अंदाजाचा. तिरंदाजीत हलत्या लक्ष्यावर नेम धरला की बाण मागून जातो, कारण बाण पोहोचेपर्यंत लक्ष्य पुढे गेलेले असते. लक्ष्य जेथे असेल तेथे नेम धरावा लागतो. मॅरेथॉनमध्ये नजर मांजरावर खिळवून ठेवणारा अडथळ्यावर आदळतो. पडद्याच्या पुढच्या कडेकडे पाहणाऱ्याला वाट वेळेवर दिसते. कड्यावर चढताना हाच नियम उभ्या दिशेने लागू होतो. वरून येणारा धोका निघून जाईपर्यंत थांबावे आणि मगच पुढची झेप घ्यावी. ‘अति घाई संकटात नेई’ हा महामार्गावरचा फलक या कड्याच्या पायथ्याशीही शोभून दिसेल.

तिसरा गट जोखमीच्या हिशेबाचा. रग्बीत ओनींच्या फळीतून पलीकडे जायचे असते. मराठी वाचकाला यात रग्बीपेक्षा आट्यापाट्या अधिक दिसतील. पाटी धरणाऱ्याला एका बाजूला ओढायचे आणि हुलकावणी देऊन दुसऱ्या बाजूने निसटायचे, ही युक्ती तशीच चालते. सरळ रेषेत जोराने धावणारा पकडला जातो. स्केटबोर्डवर ठरावीक वेळेत कसरतींचे गुण जमवायचे असतात. येथे मोह होतो तो सर्वांत अवघड कसरतीचा. पण पडल्यावर उठण्यात वेळ जातो, आणि वेळ हेच तेथील भांडवल असते. मध्यम कसरती न पडता सलग करणाऱ्याची बेरीज बहुधा मोठी होते. अवघड कसरत शिकावी ती विजेत्याला हरविल्यानंतर, अधिक कठीण फेऱ्यांच्या वेळी.

या तिन्ही गटांत एक समान धागा आहे. हरणे हा येथे माहिती मिळविण्याचा मार्ग आहे. प्रत्येक पराभव खेळाडूला चेंडूचा वेग, गाण्याचा ठोका किंवा ओनीची चाल यांपैकी काहीतरी शिकवून जातो आणि पुढचा प्रयत्न तत्काळ, विनामूल्य मिळतो. खेळाचे नियम बदलत नाहीत, अवघडपणा खेळाडूच्या खिशाकडे पाहून वाढत नाही. म्हणूनच येथे युक्तीला अर्थ आहे.

जिंकणारा आणि जिंकविणारा

अर्थात हा खेळही निर्दोष नव्हता. त्यात निळा, लाल, पिवळा आणि हिरवा असे चार संघ होते आणि जगभरच्या सदस्यांच्या गुणांची बेरीज संघाच्या नावे मांडली जात असे. अशा बेरजेत कौशल्यापेक्षा डोकी आणि फेऱ्या अधिक मोजल्या जातात. एकटा कितीही निपुण असला तरी संघाची क्रमवारी बदलणे त्याच्या हाती नसते. शिवाय ‘फुकट ते पौष्टिक’ ही म्हण येथे जशीच्या तशी स्वीकारण्याचेही कारण नाही. असा खेळ देणारी कंपनी त्यातून आपल्या नावाचा लौकिक वाढवीत असते आणि खेळणाऱ्याचा वेळ तर खर्च होतोच. खेळावरचे नियंत्रण सुटण्याच्या विकाराला जागतिक आरोग्य संघटनेने आपल्या आजारांच्या वर्गीकरणात स्थान दिले असून ते वर्गीकरण जानेवारी २०२२ पासून अमलात आले. पैसा न घेणारा खेळही वेळेचा हिशेब मागतो, हे विसरता येत नाही.

तरीही येथे खेळाडूच्या पराभवात खेळ चालविणाऱ्याचा लाभ नसतो. पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या खेळांत नेमकी हीच गोष्ट उलटी होते. तेथे प्रत्येक डावाच्या प्रवेशशुल्कातून चालकाचा वाटा बाजूला निघतो. जिंकणारा बदलत राहतो, वाटा मात्र निश्चित असतो. अशा ठिकाणी ‘युक्ती शिका आणि जिंका’ हे आवाहन खेळाडूला शहाणे करण्यापेक्षा त्याला पुन्हा डावावर बसविण्याचे काम अधिक करते. हरलेल्याला आपले कौशल्य थोडे कमी पडले असे वाटते, आणि ते वाढविण्याचा एकच मार्ग समोर दिसतो, तो म्हणजे आणखी एक शुल्क.

कौशल्याचा हा युक्तिवाद भारतात जुना आहे आणि त्याची एक मुळी मुंबईतही आहे. बक्षीस-स्पर्धांवर निर्बंध घालणाऱ्या तत्कालीन मुंबई राज्याच्या कायद्यावरून उद्भवलेल्या आर. एम. डी. चमारबागवाला प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९५७ मध्ये जुगाराला व्यापाराचे घटनात्मक संरक्षण नाकारले. त्याच वेळी, ज्या स्पर्धेतील यश बऱ्याच अंशी कौशल्यावर अवलंबून असते ती जुगारापासून वेगळी, असा भेदही प्रस्थापित झाला. १९६८ मध्ये रमी हा मुख्यतः कौशल्याचा खेळ असल्याचे न्यायालयाने म्हटले. पुढे मोबाइलवरच्या सशुल्क खेळांचा डोलारा याच भेदावर उभा राहिला.

ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने संमत केलेल्या आणि २२ ऑगस्ट रोजी राष्ट्रपतींची मंजुरी मिळालेल्या ऑनलाइन खेळविषयक कायद्याने हा भेदच बाजूला सारला. खेळ कौशल्याचा असो, दैवाचा असो की दोहोंच्या मिश्रणाचा, पैसे भरून पैसे जिंकण्याची अपेक्षा असेल तर तो निषिद्ध ठरविण्यात आला. असा खेळ चालविणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक कोटी रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा ठेवण्यात आली. जाहिरात करणाऱ्यांसाठी ही मर्यादा दोन वर्षे आणि पन्नास लाख रुपये अशी आहे. ई-स्पोर्ट्स आणि करमणुकीचे ऑनलाइन खेळ यांना मात्र प्रोत्साहन देण्याची भूमिका घेण्यात आली. अनेक मोठ्या कंपन्यांनी त्याच महिन्यात सशुल्क स्पर्धा थांबविल्या आणि कायद्याला न्यायालयात आव्हानही देण्यात आले.

या कायद्याविरुद्धचा आक्षेप दुर्लक्षिण्याजोगा नाही. कौशल्याने कमावण्याचा अधिकार सरसकट नाकारावा काय, आणि बंदीमुळे खेळाडू परदेशातील बेकायदा संकेतस्थळांकडे वळणार नाहीत काय, हे प्रश्न रास्त आहेत. त्याचबरोबर कायद्याची एक मर्यादाही ध्यानात घ्यावयास हवी. रोख बक्षीस न देता, हरल्यावर पुढची संधी, अधिक शक्ती किंवा आकर्षक पोशाख विकत देणारे खेळ या बंदीच्या व्याख्येबाहेर राहतात. तेथे पैसे जिंकण्याची अपेक्षा नसते, पण पैसे जातात ते जातातच. मुलाच्या हातातील मोबाइलवर नेमका कोणत्या प्रकारचा खेळ चालू आहे, हे कायद्याचे कलम पालकांना सांगू शकत नाही.

ते ओळखण्याची सोपी कसोटी मात्र त्या ठिपकेदार मांजराच्या बेटावर सापडते. खेळ सोपा की अवघड, हिंसक की सौम्य, देशी की विदेशी, हे प्रश्न दुय्यम आहेत. हरल्यावर खेळ काय मागतो, एवढेच पाहावे. तो आणखी एक प्रयत्न मागत असेल तर खेळाडू काहीतरी शिकतो आहे आणि त्याची युक्ती त्याच्याच मालकीची राहते. तो आणखी पैसे मागत असेल तर युक्ती कोणीतरी दुसराच खेळतो आहे, आणि मुलगा त्या खेळातला प्रतिस्पर्धी नसून लक्ष्य आहे. जुन्या मैदानांवर हा फरक शिकवावा लागत नसे, कारण आट्यापाट्यांत बाद झालेल्याकडून पुढच्या डावाचे पैसे कोणी घेत नसे. पडद्यावरच्या मैदानात तो जाणीवपूर्वक शिकवावा लागेल.