चिन्हाविना नगराध्यक्ष?

डिसेंबर २०२५ मध्ये शेवगावला जाऊन मी आयुष्यातलं पहिलं मत दिलं. सबमिशन डोक्यावर होतं, तरी एस.टी. पकडली. पहिलंच मतदान, आणि तेही एकदम तीन बटणांचं! प्रभागातल्या नगरसेवकांची दोन आणि नगराध्यक्षाचं एक. थेट नगराध्यक्ष, बरं का.

वाटलं होतं, गावाचा कारभारी निवडायचाय म्हणजे पाणी, गटार, रस्ते यावर खडाजंगी होईल. जायकवाडीचं बॅकवॉटर तालुक्याला लागून, तरी आमच्या घरात नळाला पाणी कधी येणार यावर सगळ्यांच्या आंघोळीचं वेळापत्रक ठरतं. पण चहाच्या टपरीवर विषय एकच : मुंबईत कोण कोणाबरोबर आणि इथे कोण कोणाविरुद्ध. गटाराला कोण विचारतो!

म्हणून माझं स्पष्ट मत, नगराध्यक्षाच्या निवडणुकीत पक्षाचं चिन्ह नकोच. ग्रामपंचायतीला आपल्याकडे नसतंच. कपबशी, छत्री, शिट्टी यांवरच गावं लढतात. शेवगावही गेल्या दशकापर्यंत ग्रामपंचायतच होतं. पाटी बदलून नगरपरिषद झाली म्हणून गटाराला पक्ष कसा काय लागला?

हे तात्यांना (आमचे आजोबा) सांगितलं तर ते हसायलाच लागले. "चिन्ह काढलं म्हणून पक्ष जातो व्हय? पॅनेल कुणाचं हे शेंबड्या पोरालाबी ठाऊक असतंय!"

मुद्दा खोटा नाही. ग्रामपंचायतीचे निकाल लागले की संध्याकाळी सगळेच पक्ष 'आमचेच सरपंच जास्त' म्हणतात. बेरीज केली तर गावांपेक्षा सरपंच जास्त भरतील! अमेरिकेतही तेच. तिथल्या बहुतेक शहरांत महापौराच्या मतपत्रिकेवर पक्षाचं नावच नसतं. शिकागोत १९९९ पासून असं आहे. पण २०२३ ला तिथे शेवटच्या फेरीत उरलेले जॉन्सन आणि वॅलस दोघंही डेमोक्रॅटच, हे सगळ्या शहराला माहीत होतं.

तरीही मी माझ्या मतावर ठाम आहे. चिन्ह असलं की ए-बी फॉर्म आला. तो मिळवायला उमेदवार गल्लीत नाही, नेत्याच्या बंगल्यावर फिरतो. निवडून आल्यावर तो कुणाकडे बघणार? शिवाय नगराध्यक्ष एका पक्षाचा आणि बहुमत दुसऱ्याचं झालं, की पाच वर्षं सभागृहात कुस्ती. थेट निवडीचा आपला इतिहासही तसाच आहे : २००१ ला आणली, २००६ ला काढली, २०१६ ला परत, २०२० ला रद्द, २०२२ ला पुन्हा सुरू. ज्याचं सरकार त्याच्या सोयीने. आमच्या लॅबमधला स्विचसुद्धा इतक्यांदा चालू-बंद होत नाही.

शिकागोची एक गोष्ट मात्र उचलण्यासारखी. पहिल्या फेरीत कुणालाच निम्म्याहून जास्त मतं नसतील, तर पहिल्या दोघांत पुन्हा मतदान. आपल्याकडे पाच-सहा जण उभे राहिले की तीस टक्क्यांवालाही 'सगळ्या गावाचा' नगराध्यक्ष होऊ शकतो. उरलेल्या सत्तर टक्क्यांनी काय करायचं? दुसऱ्या फेरीत त्याला विरोधकांच्या गल्लीतही हात जोडत जावं लागेल, एवढं तरी होईल.

तात्यांना हेही पटवून दिलं. ते म्हणाले, "चांगलंय की. मंजी पाकिटं बी दोनदा!"

यावर माझ्याकडे अजून उत्तर नाही. कुणाला सुचलं तर कँटीनमध्ये भेटा, चहा माझ्याकडून.