हप्ता सगळे विचारतात, किंमत कुणी विचारत नाही

घरकर्ज घेतलेल्या कुणालाही विचारा, हप्ता किती? रुपयासकट उत्तर मिळेल. मग विचारा, घर एकूण कितीला पडणार? बहुतेक जण रजिस्ट्रीतला आकडा सांगतील. पण तो आकडा घर विकणाऱ्याच्या हातात पडलेल्या रकमेचा. घेणाऱ्याच्या खिशातून वीस वर्षांत किती जाणार, हा दुसरा आकडा. आपल्या समाजात हा दुसरा आकडा कुणी विचारत नाही, आणि न विचारण्याचं कारण मोठं विचित्र आहे.

कारण असं की सूद हराम आहे. हराम आहे म्हणून त्याविषयी बोलायचं नाही. जुम्याच्या बयानात सुदावर इशारा होतो, पण कर्जाचा कागद कसा वाचावा हे कुणी सांगत नाही. जो कर्ज घेत नाही त्याला त्या कागदाशी देणंघेणं नाही. जो घेतो, तो चोरून घेतो. सख्ख्या भावाला सांगत नाही, मोहल्ल्यातल्या शिकलेल्या माणसाला कागद दाखवत नाही, एजंट बोट ठेवील तिथे सही करून मोकळा होतो. परिणाम काय? सुदाला सर्वांत जास्त घाबरणारा माणूसच सर्वांत जास्त डोळे झाकून सूद भरतो. यवतमाळ, पुसद, दिग्रस, उमरखेड, कुठेही जा, चित्र हेच आहे.

घरासाठी बँकेचं कर्ज घेणं जायज की नाजायज, याचा फतवा देणं माझं काम नाही. आपले बहुतेक उलेमा नाही म्हणतात. युरोपातल्या फतवा परिषदेने १९९९ साली तिथल्या मुसलमानांना राहत्या घरापुरती, गरज आणि अटी सांगून, सवलत दिली. तिलाही अनेकांनी विरोध केला. तो वाद जाणकारांनी करावा. माझं म्हणणं एवढंच की वाद संपेपर्यंत लोक थांबलेले नाहीत. लोक कर्ज घेत आहेत. आणि जे घेत आहेत त्यांना हिशेब येत नाही.

आता हिशेब मांडू. २० लाख रुपये, ९ टक्के दर, २० वर्षं मुदत. हप्ता येतो सुमारे १७,९९५ रुपये. असे २४० हप्ते, म्हणजे ४३ लाख १९ हजार. घेतले २० लाख, व्याज भरलं २३ लाख १९ हजार. मुद्दलापेक्षा व्याज जास्त.

हे व्याज वीस वर्षांवर सारखं वाटलेलं नसतं. पहिल्या हप्त्यातले १५,००० रुपये व्याजात जातात, मुद्दलात जेमतेम २,९९५. पाच वर्षांत तुम्ही १० लाख ८० हजार भरता आणि मुद्दल उतरतं सव्वादोन लाखांनी. दहा वर्षं झाली, २१ लाख ५९ हजार भरून झाले, म्हणजे घेतलेल्या रकमेपेक्षाही जास्त. तरी अजून १४ लाख २० हजार देणं बाकी. दहाव्या वर्षी बापाचा इंतकाल झाला तर मुलांच्या वाट्याला घर येतं आणि हे देणंही येतं. मय्यतीच्या मालमत्तेतून आधी कर्ज फेडायचं, मग वाटणी करायची, हे आपल्याला पाठ आहे. पण ते कर्ज नेमकं किती उरलं आहे, हे घरातल्या बाईला कुणी सांगून ठेवलेलं असतं का?

हप्ता परवडत नाही म्हटलं की समोरचा माणूस लगेच म्हणतो, "मुदत वाढवून देतो ना!" तेच २० लाख ३० वर्षांसाठी घेतले तर हप्ता १६,०९२ होतो. महिन्याला १,९०० रुपये वाचले म्हणून आपण खूश. पण एकूण भरणा होतो ५७ लाख ९३ हजार. त्या १,९०० रुपयांच्या आरामासाठी पावणेपंधरा लाख जास्त. उलट १५ वर्षांचीच मुदत घेतली तर हप्ता २०,२८५ येतो, महिन्याला सुमारे २,३०० जास्त, पण एकूण पावणेसात लाख कमी जातात. मुदत वाढवणं ही मेहेरबानी नाही. कर्ज देणाऱ्याची कमाई वाढवण्याचा तो सर्वांत सोपा रस्ता आहे.

शिवाय कर्जासोबत विमा चिकटवतात. ६० हजारांचा विमा, "आत्ता काही भरायचं नाही, कर्जातच टाकून देतो." हप्ता फक्त ५४० रुपयांनी वाढतो. वीस वर्षांत त्या ६० हजारांचे १ लाख ३० हजार होतात. प्रोसेसिंग फी, वकिलाची फी, गहाणाचं मुद्रांक शुल्क, हे सगळं वेगळं.

आणि हे सगळं दर कायम राहिला तर. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहावर नेला. समजा, २०२१ मध्ये कुणी ७ टक्क्यांनी २० लाख घेतले होते, हप्ता १५,५०६. दर साडेनऊ झाला तेव्हा साडेएकोणीस लाख बाकी असतील तर एका महिन्याचं व्याज होतं १५,४३७. मुद्दलात गेले ६९ रुपये! हप्ता तोच राहिला म्हणून माणसाला काही कळलं नाही. आत मुदत वाढत गेली, काहींची निवृत्तीच्याही पुढे. हा प्रकार इतका पसरला की १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेला नियम काढावा लागला: दर बदलला तर कर्जदाराला कळवा, हप्ता वाढवायचा की मुदत हे त्यालाच ठरवू द्या, आणि हप्ता व्याजापेक्षा कमी पडू देऊ नका. २०२५ मध्ये रेपो दर उतरत सव्वापाचवर आला. आपल्या खात्यातला दर किती उतरला, हे बँकेत जाऊन विचारणारे आपल्यातले किती जण आहेत?

इथे आपल्या लोकांची अडचण दुहेरी होते. पगारपत्रक असलेल्या माणसाला बँक दारात उभं करते. पण गॅरेजवाला, शिलाई काम करणारा, फळांची गाडी लावणारा, जनावरांचा व्यापारी, यांच्याकडे पगारपत्रक कुठलं? सच्चर समितीच्या २००६ च्या अहवालात तर नोंद आहे की काही बँकांनी मुस्लिम वस्तीचे भाग 'निगेटिव्ह' ठरवून ठेवले होते. मग हा माणूस गृहवित्त कंपनीकडे जातो. तिथे दर चढा. १० लाख, १५ वर्षं: ९ टक्क्यांनी एकूण १८ लाख २६ हजार जातात, १४ टक्क्यांनी २३ लाख ९७ हजार. तेच घर, तीच भिंत, गरिबाला पावणेसहा लाखांनी महाग. बँकांना ऑक्टोबर २०१९ पासून नव्या घरकर्जांचे बदलते दर रेपोसारख्या बाहेरच्या दराशी जोडणं बंधनकारक आहे. गृहवित्त कंपन्यांना हे बंधन नाही. त्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या मूळ दरावर चालतो.

हप्ते ९० दिवस थकले की खातं बुडीत गणलं जातं. २००२ च्या सरफेसी कायद्याखाली ६० दिवसांची नोटीस येते आणि त्यानंतर न्यायालयात दावा न लावता घराचा ताबा घेता येतो. दाद मागायची तर कर्जवसुली न्यायाधिकरण नागपूरला. उमरखेडच्या माणसाने रोजी बुडवून तिथे किती खेपा घालायच्या?

आपल्या जिल्ह्याला कर्ज म्हणजे काय हे शिकवायची गरज नाही, कापूस पिकवणाऱ्या प्रत्येक गावाला ते माहीत आहे. पण सावकार आणि बँक यांतला एक फरक पाहा. दामदुप्पट हा आपल्याकडचा जुना दंडक: व्याज मुद्दलाच्या वर जाऊ द्यायचं नाही. महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी कायद्यानेही सावकाराला मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करायला मनाई केली आहे. बँका या कायद्याच्या बाहेर आहेत. इतकंच काय, बँकेचं व्याज जास्त आहे एवढ्या कारणावरून न्यायालयाला तो व्यवहार पुन्हा उघडता येत नाही, अशी तरतूद बँकिंग कायद्यात आहे. ज्या कमाईला सावकाराच्या हातात आपण लूट म्हणतो, तीच वातानुकूलित खोलीत बसून केली की तिला 'सुलभ हप्ता' म्हणतात.

यावर शिकलेले मित्र म्हणतील, वीस वर्षांनंतरचा रुपया आजचा नसतो, पगार वाढतो, घराची किंमतही वाढते, भाडं तरी कुठे फुकट आहे? मुद्दा खरा आहे. पण पगार वाढतो तो वेतन आयोगवाल्याचा. हमालाची मजुरी महागाईच्या मागे धापा टाकत येते. आणि भाड्याची तुलना करायचीच तर पूर्ण करा: ज्या घराचं भाडं ६-७ हजार आहे, त्यासाठी पहिल्या महिन्यात १५ हजार व्याज भरताना उरलेल्या आठ-नऊ हजारांचाही हिशेब धरा. सगळं धरूनही घर घेणं योग्य ठरलं तर जरूर घ्या. "टॅक्स वाचतो" हेही तपासून घ्या; नव्या कररचनेत राहत्या घराच्या व्याजावर वजावट नाही.

दुसऱ्या बाजूचे लोक म्हणतील, म्हणूनच आम्ही बँकेच्या दारात जात नाही. चांगलं आहे. पण मग कुठे जाता? 'बिनव्याजी हप्त्यांवर प्लॉट' अशी पाटी दिसली की आपले लोक निर्धास्त होतात. रोखीने ५ लाखांचा प्लॉट हप्त्याने ८ लाखांना असतो, एनए झालेला नसतो, सातबारावर दुसऱ्याचंच नाव असतं, आणि रजिस्ट्री शेवटच्या हप्त्यानंतर. व्याज हा शब्द काढला म्हणून व्यवहार पाक होत नाही. उधारीने महाग विकणं शरियतमध्ये जायज असू शकतं, पण विकणाऱ्याची मालकी आणि किंमत दोन्ही साफ असतील तरच. फसवणूक कुठल्याच मसलकात हलाल नाही. रीतसर बिनव्याजी बँक हवी, असंही आपण म्हणतो. रघुराम राजन समितीने २००८ मध्ये तसं सुचवलं होतं. २०१७ मध्ये रिझर्व्ह बँकेने तो विषय पुढे न नेण्याचा निर्णय सांगितला. म्हणजे ती वाट तूर्त बंद आहे.

आता ज्या किताबचं नाव घेऊन आपण गप्प बसतो, तिच्याकडेच येऊ. कुरआनातली सर्वांत मोठी आयत कशाबद्दल आहे? नमाजबद्दल नाही, रोज्याबद्दल नाही. सूरह बकराची ती २८२ वी आयत उधारीचा व्यवहार लिहून ठेवण्याबद्दल आहे. रक्कम लहान असो की मोठी, मुदतीसह लिहा, साक्षीदार ठेवा, लिहिणाऱ्याने इन्साफने लिहावं. आणि मजकूर कुणी सांगायचा? ज्याच्या डोक्यावर कर्ज आहे त्याने. तो कमजोर असेल तर त्याच्या वतीने त्याच्या वलीने. आज आपण काय करतो? देणाऱ्याने लिहिलेला, इंग्रजीतला, बारीक अक्षरातला मजकूर न वाचता सही करतो. सुदाच्या आयती आपल्याला तोंडपाठ आहेत. त्यांच्यानंतर लगेच येणारी ही आयत मात्र आपण सोडून दिली.

गंमत अशी की आता सरकारी नियमही थोडाबहुत तेच सांगतो. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या घरकर्जासोबत एक मुख्य माहितीपत्रक द्यावं लागतं. त्यात सगळे खर्च धरून वार्षिक दर किती पडतो आणि प्रत्येक हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती, याचा तक्ता असतो. ते कर्जदाराला कळणाऱ्या भाषेत हवं, आणि विचार करायला किमान तीन कामकाजाचे दिवस मिळायला हवेत. त्यात नसलेला आकार तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही. मराठीत मागा, हक्क आहे. बदलत्या दराच्या घरकर्जात मुदतीआधी पैसे भरले तर दंड नाही. वरच्या उदाहरणात पहिल्या वर्षाच्या शेवटी एक लाख जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर सुमारे २७ हप्ते कमी होतात, जवळजवळ चार लाखांचं व्याज वाचतं. बीसी उचलली, शेतमालाचे पैसे आले, तर आधी हे करा. घराला संगमरवर नंतर लावा. आणि कर्ज फिटलं की ३० दिवसांत मूळ कागद परत मिळाले पाहिजेत. त्यांच्याकडून उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे.

चक्रवाढ व्याज आठवीच्या गणितात आहे. आमची मुलं ते सोडवून मार्क मिळवतात आणि घरी बाप त्याच व्याजाच्या कागदावर न वाचता सही करतो. ही दरी शाळा एकटी भरून काढू शकत नाही. मशिदींच्या विश्वस्तांना, अंजुमनच्या पदाधिकाऱ्यांना, उर्दू शाळांतल्या सहकाऱ्यांना माझी मागणी साधी आहे. महिन्यातून एका जुम्याला, नमाजनंतर एक तास द्या. बँकेत काम केलेला एक निवृत्त माणूस आणि एक गणिताचा शिक्षक बसवा. ज्याला कर्जाचा कागद दाखवायचा आहे त्याला शरम न वाटता दाखवू द्या. बायकांनाही बोलवा, कारण हप्त्यासाठी शेवटी त्यांच्या मेहरचे दागिनेच गहाण पडतात.

त्या तासाला कुणी कर्ज घ्यावं की नाही हे सांगू नका. फक्त कागदावर तीन आकडे लिहायला लावा: घेतले किती, भरणार किती, कोणत्या वयापर्यंत. ते आकडे पाहून दहातले चार जण कर्जाचा विचार सोडतील, चार जण लहान घर आणि लहान मुदत निवडतील. मौलानांच्या दहा तकरीरींनी सूद जेवढा कमी होत नाही, तेवढा या तीन ओळींनी होईल.