कोबीच्या पानातला खिमा

धार-देवासच्या काळ्या मातीत पावसाळ्यात सोयाबीन डोलते. त्याच दाण्यांत गहू व मीठ घालून, ते आंबवून चिनी लोक सोया सॉस करतात. तेव्हा ही चव आपणांस अगदीच परकी नव्हे.

पाव किलो खिमा आले-लसणासह तेलात परतून पुरता शिजवावा. मग कांद्याची पात व दोन चमचे सॉस घालावा. सॉस खारट असतो. मीठ चाखूनच घालावे. कोबीची पाने कढत पाण्यात मिनिटभर बुडवून त्यांत सारण गुंडाळावे.

थोडे मांस भाजीच्या जोडीने साऱ्या घरास पुरविण्याची ही चिनी काटकसर आम्हांस अनुकरणीय वाटते. उपवासकाळातील शुक्रवारी खिम्याऐवजी सोयाबीनच्या वड्या भिजवून, बारीक चिरून घ्याव्यात.