परक्या ओठांवरचे शब्द

मागच्या महिन्यातली गोष्ट. रविवारची दुपार होती. आमच्या गोंदियाच्या घरी दूरचित्रवाणीवर हिंदी ‘बाहुबली’ लागला होता आणि मी उत्तरपत्रिका तपासत बसलो होतो. पण तो आवाज असा काही घुमत होता, की माझी लाल पेन्सिल आपोआप थांबली. मी सौभाग्यवतींना म्हणालो, ‘‘या प्रभासचे हिंदी फारच शुद्ध आहे हो!’’

त्यावर आमची कन्या खो-खो हसली. ‘‘बाबा, प्रभास तेलुगू नट. हा आवाज शरद केळकरचा आहे!’’

मराठीच्या प्राध्यापकाला मराठी माणसाचा आवाज ओळखता येऊ नये, याची आमच्या घरात दोन दिवस मौज चालली होती.

केळकर ग्वाल्हेरचे. ‘सात फेरे’ या हिंदी मालिकेतून ते घरोघरी पोचले. २०१४ साली ‘लय भारी’त खलनायक झाले. २०२० साली ‘तान्हाजी’त शिवछत्रपती आणि त्याच वर्षी ‘लक्ष्मी’त तृतीयपंथी. एकाच वर्षात सिंहासन आणि उपेक्षा अशी दोन्ही टोके अंगावर घेणारा हा खरा चरित्र अभिनेता. पण २०१५ आणि २०१७ च्या दोन्ही ‘बाहुबलीं’च्या हिंदी आवृत्तीत त्यांचा चेहरा कुठेच नाही, आहे तो फक्त आवाज. २०२१ च्या ‘द लेजंड ऑफ हनुमान’ या चित्रमालिकेत तर रावणही त्यांच्याच तोंडून बोलतो.

हे काम वाटते तितके सोपे नाही. बंद खोलीत कानाला हेडफोन लावून उभे राहायचे आणि पडद्यावरच्या परक्या ओठांत आपले वाक्य बसवायचे. त्यातही आपला पवर्ग फार छळतो. प, फ, ब, भ, म म्हणताना ओठ मिटावेच लागतात. पडद्यावरचे ओठ मिटले आणि कानावर ‘क’ आला, की प्रेक्षकाला काहीतरी चुकल्यासारखे वाटते. मग शब्द बदला, श्वास आवरा, पुन्हा बोला!

एवढ्यावरच भागले असते, तर मी हे लिहायला बसलो नसतो. पण कन्या पुढे म्हणाली, ‘‘आणि बाबा, तो पूर्वी बोलताना अडखळायचा. त्यानेच मुलाखतीत सांगितलेय.’’

माझी पेन्सिल खालीच राहिली. माझ्या वर्गात अर्जुनी-मोरगावकडचा एक मुलगा आहे. हजेरीला ‘हजर’ म्हणतानाही त्याचा श्वास अडतो. वर्षाच्या सुरुवातीला मी त्याला एकदा कविता वाचायला उभे केले होते. तिसऱ्या शब्दाला तो थांबला, मागच्या बाकांवर कुजबुज झाली आणि मी घाईघाईने म्हणालो, ‘‘असू दे, बस.’’ त्यानंतर मी त्याला कधीच काही विचारले नाही. याला मी दया समजत होतो. खरे म्हणजे ती शांतता मलाच सोसत नव्हती.

त्याच्या भागात दिवाळीनंतर मंडई भरते. रात्री दहाच्या सुमारास झाडीपट्टीचे नाटक सुरू होते, ते पहाटेपर्यंत चालते. थंडीत अंगावर पांघरूण घेऊन माणसे रात्रभर नटाचे बोलणे ऐकत बसतात. आणि मला, एम.ए. झालेल्या माणसाला, आठ ओळींपुरते थांबवत नव्हते!

दुसऱ्या दिवशी तासाआधी मी त्याला व्हरांड्यात गाठले. ‘‘आज वाचशील का?’’

तो बराच वेळ माझ्याकडे बघत राहिला. मग म्हणाला, ‘‘तु... तुम्ही थांबाल का जी, सर?’’

जाणकार सांगतात, की अडखळणाऱ्याचे वाक्य आपण पुरे करू नये; आणि दोघांनी एका सुरात वाचले, तर जीभ पुष्कळदा मोकळी होते. म्हणून पहिल्या दोन ओळी आम्ही बरोबर वाचल्या. मग मी गप्प झालो. तो अडला, थांबला, पुन्हा निघाला. एकदा मागून हसूही आले. सहा ओळी झाल्या आणि घंटा वाजली.

‘‘उरलेल्या उद्या वाचू,’’ मी म्हणालो.

‘‘न... नाही सर. आत्ताच.’’

मी पुन्हा खुर्चीवर बसलो. त्या दिवशी आमचा तास पाच मिनिटे उशिरा सुटला.